एका बाजूची घरं

राणीसावरगावच्या वरच्या अंगाला डोंगराच्या कुशीत एक वाडी आहे. तिथल्या माणसांना घरं दोन. एक वाडीतलं, मातीचं, दिवाळी झाली की कडी लागणारं. आणि दुसरं साखर कारखान्याच्या गावाबाहेर, बांबू आणि उसाच्या पाचटाचं, हंगामापुरतं. चंद्रभान त्या दुसऱ्या घरात जन्मला. त्याची माय पारूबाई सकाळी मोळ्या वाहत होती आणि दुपारी बाळंत झाली. बाप आसाराम हे सगळ्यांना सांगायचा, पण त्यात काही विशेष आहे असं सांगताना त्याला वाटत नसे. विशेष काय, तर मुकादमानं त्या दिवशी सुट्टी दिली होती.

ही पाचटाची कोप बांधणं चंद्रभानला कोणी शिकवलं नाही. पोहणाऱ्याचं पोर जसं पोहतं तसं ते त्याला आलं. बांबू ओला असताना वाकवायचा, दोन्ही टोकं जमिनीत रोवायची, कमानी जुळल्या की आडव्या काठ्या बांधायच्या आणि खालून वर पाचट लावत न्यायचं, म्हणजे दंव आत उतरत नाही. ऊसतोडीची टोळी नव्या गावात उतरली की दिवस मावळायच्या आत अख्खी वस्ती उभी राहायची आणि हंगाम सरला की दिवसभरात मोडायची. चंद्रभानची कोप सगळ्यांत देखणी असायची. तो दाराला चौकट करायचा. आत कोनाडा करायचा. छबूबाई लग्न होऊन पहिल्यांदा टोळीबरोबर आली तेव्हा कोपीला कोनाडा बघून हसली होती.

"सहा महिन्यांसाठी कोनाडा कामून?" तिनं विचारलं.

"दिवा कुठं ठिवणार मग?"

तिनं दिवा ठेवला.

त्यांना मुलगी झाली, तिचं नाव कुसुम. ती तीन वर्षांची झाली ते साल नामांतराच्या दंगलीचं. त्या पावसाळ्यात रस्ते बंद पडले, एस्ट्या थांबल्या आणि गावोगावी बौद्धवाडे जळाल्याच्या बातम्या वाडीपर्यंत येत राहिल्या. वाडीतली माणसं त्या बातम्या ऐकायची आणि आपापल्या रानात जायची. दिवाळीनंतर मुकादम किशनरावांची टोळी निघाली, तेव्हा तिच्यात सिताराम आणि सुलाबाई हे नवं जोडपं होतं. पलीकडच्या एका गावचे. त्यांचं घर त्याच पावसाळ्यात जळालेलं. सामान म्हणून त्यांच्याजवळ एक पातेलं, एक वाकळ आणि दोन कोयते एवढंच होतं. कारखान्यावर टोळी उतरली तेव्हा सिताराम-सुलाबाईनं आपली कोप ओढ्याच्या पलीकडं टाकली. तसं करा असं त्यांना कोणी म्हणालं नव्हतं, आणि इकडं या असंही कोणी म्हणालं नाही.

माघातली गोष्ट. दुपारी वारा सुटला होता. टोळी उसाच्या फडात होती. लहान पोरं कोपीत झोपली होती आणि त्यांच्यावर लक्ष ठेवायला एक म्हातारी होती, तिचाही डोळा लागला होता. कुणाच्या तरी चुलीत विस्तव राहिला असेल. पाचटाला विस्तव लागला की माणसाला उठून उभं राहायलाही वेळ मिळत नाही. म्हातारीनं हाताला लागली तेवढी पोरं बाहेर ओढली. सुलाबाई तापानं फणफणून घरी होती. ती ओढा ओलांडून पळत आली आणि चंद्रभानच्या कोपीत शिरली. ती कुसुमला घेऊन बाहेर आली तेव्हा तिच्या हातांची कातडी कोपरापर्यंत सोलली होती. कुसुम दुसऱ्या दिवशी सकाळी दवाखान्यातच वारली.

त्यानंतर जे झालं ते चंद्रभानला पुढं आयुष्यभर आठवत राहिलं, पण दुखऱ्या गोष्टी आठवतात तसं नाही. बघितलेलं काहीतरी आठवावं तसं. पोरीला माती देऊन तो नि छबूबाई परत आले. जळालेल्या जागेवर नवे बांबू येऊन पडले होते. हंगाम संपायला अजून दोन महिने होते. टोळीनं वस्ती पुन्हा बांधायला घेतली होती. चंद्रभाननं बांबू उचलले, वाकवले, रोवले. छबूबाईनं पाचट हातात दिलं. संध्याकाळपर्यंत कोप उभी राहिली, पहिलीसारखीच, चौकटीसकट. त्यानं कोनाडासुद्धा केला. मग बाहेर येऊन त्यानं कोपीकडं पाहिलं आणि आपल्या आतून काहीतरी येईल म्हणून वाट पाहिली. काही आलं नाही. छबूबाई आत जाऊन भिंतीकडं तोंड करून पडली होती.

आठवडाभर त्यानं ऊस तोडला. एकदा कोयता पोटरीला लागला. रक्त चपलेत आलं तेव्हा सितारामनं ओरडून दाखवलं, तोवर त्याच्या ध्यानातही आलं नव्हतं. मग एके दिवशी तो उसाच्या गाडीबरोबर कारखान्यावर गेला. गाडी रिकामी झाली, गाडीवान परत फिरला आणि चंद्रभान फिरला नाही. तो रस्त्यानं चालत राहिला. पळून जायचं असं त्याच्या मनात नव्हतं. परत जायचं असंही नव्हतं.

मागं छबूबाई एकटी राहिली. टोळीत कोयता म्हणजे नवराबायकोची जोडी, एकट्या बाईचा कोयता धरत नाहीत. सुलाबाईच्या हाताला पट्ट्या होत्या, तिला मोळी बांधता येत नव्हती. मग सिताराम तोडायचा, छबूबाई बांधायची आणि सुलाबाई वाढे, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, गोळा करायची. छबूबाईनं आपलं बोचकं उचललं आणि ओढा ओलांडून त्यांच्या कोपीत राहायला गेली. टोळीत त्यावर कुजबुज झाली. पारूबाईच्याही कानावर गेली. छबूबाई मोळ्या बांधत राहिली.

चंद्रभान कोल्हापुरात पोचला. तिथं एका स्टुडिओच्या फाटकाबाहेर सुतारांची गाडी फळ्या उतरवत होती, तिथं तो मदतीला लागला, आणि आत फळ्या नेता नेता आतच राहिला. स्टुडिओत तेव्हा एका सरदाराच्या महालाचा सेट लागत होता. तिथल्या सुतारांना वाटलं की हा रंगाऱ्यांचा माणूस आहे, आणि रंगाऱ्यांना वाटलं की हा सुतारांचा. चौथ्या दिवशी कला दिग्दर्शक व्यंकटरावांनी त्याला हटकलं.

"कोण रे तू?"

"काम करायलोय की."

व्यंकटराव थांबले. ते मूळचे मानवतचे. तीस वर्षं कोल्हापुरात काढून त्यांची भाषा तिकडची झाली होती, पण कान गेला नव्हता.

"कुठला तू? परभणीकडचा?"

"व्हय. राणीसावरगाव."

"इकडं कसा आलास?"

चंद्रभाननं खाली पडलेली फळी खांद्यावर घेतली. व्यंकटरावांनी पुन्हा विचारलं नाही. पुढं बारा वर्षांच्या सहवासातही त्यांनी विचारलं नाही. म्हणून चंद्रभान त्यांच्याजवळ टिकला, नाहीतर तिथूनही एखाद दिवशी चालू लागला असता.

सेटचं काम त्याला कोपीसारखंच वाटलं. रातोरात उभं करायचं, पुरेसं टिकवायचं आणि मोडायचं. व्यंकटरावांनी त्याला पहिला धडा दिला तो असा: "आपण घर बांधत नसतो. घराची एक बाजू बांधतो. कॅमेरा जिथं जाणार नाही तिथं खिळासुद्धा मारायचा नाही." पुढून शिसवी दार, पितळी कड्या, भिंतीवर वेलबुट्टी, मागं गेलं की नुसत्या पट्ट्या, टेकू आणि वाळूची पोती. इतर नव्या पोरांना हे बघून सुरुवातीला गंमत वाटायची, मग थोडं वाईट वाटायचं. चंद्रभानला दोन्ही वाटलं नाही. त्याला ते बरोबर वाटलं.

तो भराभर शिकला. गोणपाटावर प्लास्टर लावून दगडी भिंत करायला शिकला. नव्या लाकडाला चुना, काजळी आणि चहाचं पाणी लावून पन्नास वर्षं म्हातारं करायला शिकला. आराखडा काढायला शिकला, मग व्यंकटरावांचे आराखडे स्वच्छ करून द्यायला लागला, मग त्यांच्याऐवजी काढायला लागला. त्याच्या खोल्यांमध्ये माणसं राहून गेल्यासारखी वाटायची. आरामखुर्चीच्या मागं भिंतीवर डोकं टेकून टेकून पडलेला तेलाचा डाग, खुंटीखाली सदऱ्यानं घासून उडालेला रंग, उंबऱ्याचा झिजलेला मधला भाग. दिग्दर्शक विचारायचे, "हे तुला सुचतं कसं?" तो खांदे उडवायचा. ते सुचत नव्हतं. हात चालायचा. एका विनोदी पटासाठी पाळणा लागला. इतर कामांसारखाच त्यानं तोही करवून घेतला, हिरवा रंगवला, आणि कुरकुरतो का बघायला दोन बोटांनी ढकलला. कुरकुरला, म्हणून बिजागरीत तेल सोडलं. मदतनीस बाजूला उभा होता, त्याला चंद्रभानची गोष्ट माहीत नव्हती, आणि माहीत असती तरी त्या चेहऱ्यावर त्याला काही दिसलं नसतं.

तिसऱ्या वर्षी टोळीतल्या कोणीतरी त्याला कोल्हापुरात बाजारात पाहिलं. बातमी वाडीला गेली. महिन्याभरानं आसाराम येऊन दाखल झाला. फेट्याचं टोक खांद्यावर टाकून म्हातारा स्टुडिओच्या फाटकात उभा राहिला, तेव्हा पहारेकऱ्याला वाटलं हा शूटिंगमधलाच कोणी आहे, आणि त्यानं त्याला सरळ आत सोडलं.

चंद्रभान दरबाराच्या सेटवर होता. बाप खांबांच्या रांगेतून चालत आला. एका खांबाला त्यानं बोटानं टिचकी मारली.

"पोकळ हाय."

"व्हय."

"तू केलास?"

"मी आन् बाकीची लोकं."

आसाराम सिंहासनाच्या पायरीवर बसला. चंद्रभाननं चहा मागवला. दोघांनी तो प्याला. म्हातारा सावकाश बशीत ओतून पीत होता आणि वर झुंबराकडं बघत होता. काचेचं नव्हतं ते, पण खालून काचेचं दिसत होतं.

"मायची नजर कमी व्हायलीय," आसाराम म्हणाला. "छबू घरीच हाय. तिच्या भावानं बोलावलं होतं, गेली न्हाई. तिला काय सांगू?"

बाप थांबला होता, म्हणून काहीतरी सांगणं भाग होतं.

"सांगा, हाय म्हणून."

"एवढंच?"

"एवढंच हाय, दादा."

आसारामनं मान हलवली, बशी पालथी घातली आणि उठला. तो रागावला नव्हता. जाताना त्यानं पुन्हा एका खांबाला हात लावला. पुढच्या पावसाळ्यात तो गेला. चंद्रभानला ती बातमी दहावा झाल्यावर कळली.

व्यंकटरावांना दम्यानं घेरलं आणि कामं चंद्रभानकडं येऊ लागली. पडद्यावर नाव येऊ लागलं. 'कला दिग्दर्शन' या शब्दांखाली ते दोन-तीन सेकंद राहायचं. पहिल्यांदा आलं तेव्हा सुतारांनी त्याला जबरदस्तीनं थेटरात नेलं. नाव आलं, सुतारांनी शिट्ट्या मारल्या, आणि चंद्रभानच्या मनात आलं की अक्षरं जरा डावीकडं सरकली आहेत. तो एका खोलीत राहायचा. तिच्यात खाट, स्टोव्ह आणि आराखड्यांच्या गुंडाळ्या. भिंती कोऱ्या होत्या. एवढ्या खोल्या सजवणाऱ्याची खोली बघून लोकांना आश्चर्य वाटायचं, पण त्याला विचारायची कोणाची छाती होत नसे.

मग अठ्ठ्याऐंशी साली पुण्याचा एक तरुण दिग्दर्शक त्याच्याकडं आला. त्याला ऊसतोड्यांवर चित्रपट करायचा होता. खरा माळ, खरा ऊस, खरी माणसं पाहिजेत म्हणून त्यानं गंगाखेडच्या बाजूला गोदावरीकाठची जागा बघून ठेवली होती.

"तुमच्याच जिल्ह्यात जायचंय," तो उत्साहानं म्हणाला. "तुम्हांला आनंद होईल."

"कोपी किती लागतील?" चंद्रभाननं विचारलं.

"पंधरा-वीस. आणि शेवटी एक आग आहे. दुपारची. अख्खी वस्ती जळते."

चंद्रभाननं कागदावर वस्तीचा आराखडा काढायला घेतला. वारा कोणत्या बाजूनं असतो ते त्यानं विचारून घेतलं, कारण धूर कॅमेऱ्यावर येता कामा नये.

भाद्रपद सरता सरता मंडळी गंगाखेडला पोचली. टोळ्या दिवाळीनंतर जाणार, तोवर माणसं गावात होती, म्हणून तेच दिवस धरले होते. उभ्या उसाची पाचट सोलून वाळत घालायला आजूबाजूच्या वाड्यांतून बायामाणसं आली. चंद्रभान आपल्या वाडीला गेला तो तिसऱ्या दिवशी, तोही दिग्दर्शकानं जीप दिली म्हणून.

पारूबाई अंगणात बसली होती. तिला आता उजेड आणि सावली एवढंच कळायचं. पावलं ऐकून तिनं मान वर केली.

"कोण हाय?"

"मी हाय, माय."

तिनं हात पुढं केला, त्याचा चेहरा चाचपला, आणि मग हात परत मांडीवर ठेवला. "वाळलास," ती म्हणाली. तिच्या डोळ्यांतून पाणी आलं, पण तिचे डोळे तसेही वाहायचे.

छबूबाई सरपण घेऊन आली. तिनं मोळी टाकली, पदरानं तोंड पुसलं आणि त्याच्याकडं पाहिलं. दहा वर्षांत ती रुंद झाली होती, केस पुढून विरळ झाले होते. तिनं तांब्याभर पाणी आणून त्याच्यापुढं ठेवलं.

"शेटिंगवाले तुमीच का?" ती म्हणाली. "पाचट सोलायला मी बी यायलेय कालपासून. लांबून दिसलात."

"मग बोलली न्हाईस?"

"तुमी कामात व्हतात."

एवढंच झालं. दुसऱ्या दिवसापासून छबूबाई कोपी बांधायला आली. तिच्याबरोबर सुलाबाई होती. सिताराम दोन सालांमागं सर्पदंशानं गेला होता. आता या दोघी मिळून एक कोयता धरत होत्या. सुरुवातीला मुकादमानं नाही म्हणून पाहिलं, मग त्यांचं काम बघून गप्प बसला. सुलाबाईच्या हातांवरचे वण गुळगुळीत झाले होते आणि उन्हात चकाकत होते. तिनं चंद्रभानला "बरे हाव का, भाऊ?" असं विचारलं, आणि तो "बरा हाय" म्हणाला.

वस्ती उभी राहिली. दिग्दर्शक प्रत्येक कोपीत शिरून खूश होत होता. नायिकेच्या कोपीत छबूबाईनं चूल घातली, जमीन सारवली आणि आपल्या घरची वाकळ अंथरली. चंद्रभान दारात उभा राहून कॅमेऱ्याच्या जागेवरून ते बघत होता.

"इथं काय पायजे अजून?" तिनं आतून विचारलं.

"कोनाडा," तो म्हणाला.

तिनं सारवणाचा हात पुसला. मग म्हणाली, "मग करा की." त्यानं कोनाडा केला.

आगीच्या दिवशी सकाळपासून ऊन लागलं होतं. चंद्रभाननं सगळी तयारी स्वतः केली. पाण्याचा टँकर कुठं उभा करायचा, रॉकेल कोणत्या कोपींना किती, कोणती आधी पेटेल, कोणती नंतर, माणसं कोणत्या खुणेच्या अलीकडं थांबतील, हे त्यानं सुतळी टाकून आखून दिलं. दर कोपीत तो स्वतः वाकून बघून आला, आत कोणी नाही ना. मग पुन्हा एकदा बघून आला. त्याच्या मदतनिसानं सांगितलं की साहेब, आत्ताच पाहिलंत, तरी तो तिसऱ्यांदा गेला.

छबूबाईनं आपली वाकळ आधीच काढून नेली होती. "मी जाते घरी," ती म्हणाली. "मामीला जेवाया घालायचंय." सासूला ती मामी म्हणायची. तिनं मागं वळून पाहिलं नाही.

सुलाबाई आणि बाकीच्या बाया फडातून पळत येणाऱ्या मजुरांच्या घोळक्यात होत्या. त्यांनी धावत यायचं, आग बघायची आणि आकांत करायचा, असं दिग्दर्शकानं समजावलं. तालीम झाली. बाया धावल्या, थांबल्या आणि नुसत्या उभ्या राहिल्या. पुन्हा तालीम झाली. पुन्हा तेच. दिग्दर्शक चंद्रभानजवळ आला.

"तुमच्या गावच्या आहेत ना? तुम्ही सांगा त्यांना. रडायला पाहिजे. ऊर बडवायला पाहिजे."

चंद्रभान बायांकडं गेला. "रडा म्हणतेत," तो म्हणाला.

"कामून?" सुलाबाईनं विचारलं. "आत कोणी हाय का?"

"न्हाई. कोणी न्हाई. मी बगितलंय."

"मग?"

तो परत आला आणि दिग्दर्शकाला म्हणाला की त्यांना जमणार नाही. वेळ जात होता, ऊन कलत होतं. दिग्दर्शकानं हात झटकले आणि घ्या म्हणाला.

पहिल्या कोपीला आग लागली आणि वाऱ्याबरोबर ती रांगेनं गेली. चंद्रभान कॅमेऱ्याच्या बाजूला उभा होता. त्यानं ठरवलं होतं की आपण डोळे मिटायचे नाहीत. दहा वर्षं जे आलं नव्हतं ते आज येईल, असं त्याला आतल्या आत वाटत होतं, आणि आलं तर उभं राहायला आधार असावा म्हणून त्यानं कॅमेऱ्याच्या तिकाटण्याजवळची एक पेटी धरून ठेवली होती. जाळ वर चढला. तोंडाला झळ लागली. बांबू फुटल्याचे आवाज आले. नायिकेच्या कोपीची चौकट काही काळ तशीच उभी राहिली, मग आत पडली. चंद्रभानला एवढंच जाणवलं की पाचट आपल्या अंदाजापेक्षा लवकर जळलं आणि डावीकडच्या तीन कोपी धुरात गेल्या. त्यानं पेटीवरचा हात काढला. हाताला पेटीच्या कडेचा लाल वळ उठला होता.

पलीकडं सुलाबाई आणि बाया उभ्या होत्या, हात खाली सोडून. नंतर चित्रपटात तोच तुकडा राहिला, कारण दुसरा नव्हता. पुण्या-मुंबईच्या लोकांनी त्या न रडणाऱ्या बायांबद्दल पुष्कळ लिहिलं आणि दिग्दर्शकाची वाखाणणी केली.

राख विझवून होईपर्यंत चंद्रभान तिथं थांबला. मग वाडीला गेला. छबूबाई भाकरी थापत होती.

"झालं?"

"झालं."

तिनं ताटात पिठलं वाढलं. तो जेवला. पारूबाई पलीकडं बाजेवर झोपली होती. जेवून हात धुतल्यावर तो तिथंच उंबऱ्याजवळ बसून राहिला.

"मला काईच झालं न्हाई, छबू," तो म्हणाला. "मी बगत होतो. काईच झालं न्हाई."

छबूबाईनं तवा उतरवला. "मला बी न्हाई व्हत," ती म्हणाली. "लोकायला वाटतं बाईमाणूस हाय, रडत असंल. मी कव्हाच न्हाई रडले. सुलाबाईला म्हाईत हाय. ती म्हणते, न्हाई येत तर न्हाई येत. ऊस तर तोडाच लागतो."

लग्न झाल्यापासून ते दोघं एकमेकांशी बोलले त्यातलं हे सगळ्यांत लांब बोलणं होतं. चंद्रभाननं पायातला एक काटा काढला, आणि म्हणाला, "माझ्यासंगं चल कोल्हापूरला. सेट सारवायला बाई लागती. लय काम असतं."

"मामी?"

"तिला बी."

"ती न्हाई यायची. आन् मी टोळीत नाव दिलंय औंदा. सुलाबाई एकटी पडंल." तिनं चुलीतली लाकडं मागं ओढली, राख सारली. "हंगाम होऊ द्या."

तिनं नाही म्हटलं नव्हतं हे त्याच्या उशिरा लक्षात आलं, जीप गंगाखेडला पोचल्यावर.

ती आली, पण त्या हंगामानंतर नाही. पारूबाई गेली, तिचं सगळं रीतीनं केलं, सुलाबाईनं दुसऱ्या टोळीत एका विधवेशी जोडी जमवून घेतली, आणि मग एकदाची छबूबाई बोचकं घेऊन स्टुडिओच्या फाटकात उभी राहिली. तिला पहारेकऱ्यानं अडवलं. चंद्रभानला बोलावणं गेलं. तो हातातला ब्रश तसाच घेऊन आला आणि म्हणाला, "माझी बायको हाय." कोल्हापुरात हे कोणालाच माहीत नव्हतं. सुतारांनी संध्याकाळी पेढे आणले.

छबूबाई सेट सारवायची, चुली घालायची, कुडाच्या भिंती लिंपायची. मागच्या बाजूला पट्ट्या आणि टेकू बघून ती पहिल्या दिवशी म्हणाली, "हे लय बरं हाय. मोडायला सोपं." त्या एका खोलीत दोघं राहायची. दोघांत बोलणं कामापुरतं व्हायचं. एखाद्या दिवशी ती त्याला विचारायची, "आज काय केलंत?" तो सांगायचा, "डॉक्टरचा बंगला." किंवा "पोलीस ठाणं." ती म्हणायची, "बरं." लोकांना वाटायचं की या दोघांचं पटत नसावं. तसं काही नव्हतं. दुपारी जेवायला ती हाक मारायची आणि तो हातातलं टाकून यायचा.

नव्वदनंतर कोल्हापुरातलं काम आटत गेलं. चित्रपट मुंबईला गेले, टीव्हीच्या मालिका आल्या, मालिकांना खरे बंगले भाड्यानं मिळू लागले. व्यंकटराव वारले. चंद्रभान लग्नाचे मंडप आणि गणपतीची आरास करू लागला. एक दिवस छबूबाई म्हणाली, "आता गंगाखेडला जाऊ."

"तिथं काय करू?"

"घर बांधू. तुमाला येतं की."

त्र्याण्णवच्या शेवटाला त्यांनी गंगाखेडच्या कडेला जागा घेतली. दोन खोल्या, पुढं ओटा. विटा आल्या, गवंडी आला. चंद्रभाननं आराखडा काढायला कागद पसरला आणि बराच वेळ नुसता बसून राहिला. शेकडो घरं त्यानं काढली होती. त्यात कोण राहतो ते कुणीतरी सांगायचं. श्रीमंत मामा, रागीट मास्तर, पाटलाची सून. इथं कोण राहतं ते कोणी सांगितलं नव्हतं.

"खिडकी कुठं घेऊ?" त्यानं विचारलं.

"मला काय इचारता? तुमाला म्हाईत न्हाई का?"

"न्हाई."

छबूबाई आखलेल्या फक्कीच्या रेघांमध्ये जाऊन उभी राहिली. तिनं इकडं-तिकडं बघितलं. "इथं," ती म्हणाली. "स्वयंपाक करताना रस्ता दिसतो." मग मागच्या भिंतीकडं गेली. "आन् इथं एक. इकडून वारा येतो." गवंड्यानं खुणा केल्या. चंद्रभान मागं फिरून आला. मागची भिंत पूर्ण होत असलेली बघायची त्याला सवय नव्हती. विटांचा थर चढत गेला तसा तो रोज मागून जाऊन उभा राहायचा. गवंडी छबूबाईला म्हणाला, "मालकाला माझं काम पटेना काय?" ती म्हणाली, "न्हाई, त्यांना बगायचं हाय नुसतं."

संक्रांतीच्या सुमाराला विद्यापीठाच्या नामांतराचा निकाल लागला. गंगाखेडात एका बाजूनं मिरवणूक निघाली आणि दुसऱ्या बाजूची दुकानं बंद राहिली. काही दिवसांनी सुलाबाई आली, नवं लुगडं नेसून, रस्त्यानं चालत. तिनं छबूबाईच्या हातावर साखर ठेवली, चंद्रभानच्या हातावर ठेवली, आणि अर्ध्या भिंतीच्या घरातून हिंडून आली. "बरं व्हायलंय," ती म्हणाली. "मला बी एक खोली बांधून देताल का, भाऊ? आमच्या गावात?"

"देतो," चंद्रभान म्हणाला. ती त्यानं पुढच्या उन्हाळ्यात बांधून दिली.

घर झालं. गवंड्यानं ओट्यावरच्या भिंतीत नावासाठी चौकोन सोडला होता. तेव्हा गंगाखेडला नव्या घरांवर नाव टाकायची पद्धत पडली होती. मातृछाया, श्रमसाफल्य, असलं काही. गवंडी चुन्याचं पातेलं आणि ब्रश घेऊन उभा राहिला.

"काय नाव टाकायचं? मी चुना फिरवतो, अक्षर तुमीच काढा. तुमचं अक्षर चांगलं हाय म्हणतेत."

चंद्रभाननं ब्रश घेतला. त्या चौकोनापुढं तो उभा राहिला. एक नाव त्याच्या तोंडापर्यंत आलं होतं. पंधरा वर्षांत त्यानं ते मोठ्यानं उच्चारलं नव्हतं, आणि छबूबाईनंही उच्चारलं नव्हतं. त्यानं तिच्याकडं पाहिलं. ती दारात सूप घेऊन बसली होती, तांदूळ निवडत. ती त्याच्याकडं बघत होती. तिला ते कळलं असावं.

"नगं," ती म्हणाली. "नाव नगं. असंच राहू द्या."

"कोरं बरं दिसत न्हाई, बाई," गवंडी म्हणाला.

"दिसू द्या तसं."

चंद्रभाननं ब्रश गवंड्याला परत दिला. गवंड्यानं चौकोनात चुना फिरवला आणि पातेलं उचलून मागच्या भिंतीकडं गेला. चंद्रभान ओट्यावर बसला. छबूबाईनं सूप त्याच्याकडं सरकवलं, आणि तो खडे वेचू लागला.